बुडालेली नाव, बुडालेली नावे

सत्यनारायणाच्या पोथीत एक नौकाबुडी आहे. मराठी घरात वाढलेल्या माणसाने ऐकलेली ती बहुधा पहिली नौकाबुडी असते, आणि घाटावरच्या पुष्कळांच्या बाबतीत शेवटचीही. साधुवाणी आणि त्याचा जावई परमुलखात धन मिळवून परततात. नाव गावच्या काठाला लागते. नवऱ्याला भेटायच्या घाईत कलावती प्रसाद तसाच टाकून धावते आणि तिच्या डोळ्यांदेखत नाव जावयासकट पाण्याखाली जाते. ती सती जायला निघते, बाप देवाची करुणा भाकतो, आकाशवाणी होते. कलावती घरी जाऊन प्रसाद घेऊन येते, तो नवरा सुखरूप समोर उभा.

कथा म्हणून ही मोठी पक्की बांधलेली आहे. बुडण्याला कारण आहे आणि ते माणसाच्या वागण्यात आहे. दोष ठरलेला आहे आणि तो घरातल्या मुलीचा आहे. नुकसान होते, पण ते भरून निघते. एकच गोष्ट पोथी सांगत नाही. त्या नावेत वल्ही मारणारे, शीड ओढणारे, सुकाणू धरणारे कोणीतरी असणारच. ते बुडाले का, वर आले का, त्यांच्या घरी कोणी वाट पाहत होते का, याचा पोथीत उल्लेख नाही. नाव वाण्याची, जावई वाण्याचा, गोष्टही वाण्याची.

मराठीत नौकाबुडीकडे पाहण्याची जी रीत पडली, तिचा साचा मला या कथेत दिसतो. एकोणिसाव्या शतकात समुद्रावरचा मृत्यू मुळातून बदलला. तो बदल मराठी साहित्याने कितपत टिपला, आणि जिथे टिपला नाही तिथे आड काय आले, हा या लेखाचा विषय आहे. नाशिकमधून हा प्रश्न विचारण्यालाही अर्थ आहे. समुद्रापासून घाटाने तोडलेल्या या गावाने मराठीला समुद्राच्या दोन अतिप्रसिद्ध कविता दिल्या. एक भगूरच्या सावरकरांची, १९०९ साली ब्रायटनच्या किनाऱ्यावर सुचलेली, दुसरी कुसुमाग्रजांची. शिवाय याच गावात एकोणिसाव्या शतकात समुद्रावरून उतरवून आणलेली माणसे राहत होती. त्यांच्याकडे मी पुढे येणार आहे.

आधी भाषेचा विचार करू. मराठीत बोट आणि ओळख या दोन्हींना आपण ‘नाव’ म्हणतो. जुन्या लेखनात ओळखीच्या ‘नांवा’वर अनुस्वार असे. १९६२च्या लेखननियमांनी तो गेला आणि कागदावर दोन्ही शब्द एक झाले. ‘नाव बुडवली’ म्हणजे अपघात, ‘नाव बुडवले’ म्हणजे कुळाला बट्टा. संतांच्या वाणीत तर नाव ही बहुतेक वेळा देवाच्या नामाचीच असते. भवसागर, पैलतीर, तारू, नावाडी ही सगळी शब्दसंपदा तरण्याची आहे. तुकोबांच्या वह्या इंद्रायणीत बुडाल्या त्या तेरा दिवसांनी कोरड्या वर आल्या, अशी श्रद्धा आहे. पोथीतली नाव आणि तुकोबांच्या वह्या, दोन्हींचे सांगणे एकच: जे खरे आहे ते बुडाले तरी परत वर येते. घाटावरच्या मराठी मनाला नौकाबुडीची एवढीच कथा ठाऊक होती, आणि तिच्या जागी ती सुंदरच आहे.

आगबोटीच्या युगातली बोट मात्र वर आली नाही.

शिडाची जहाजे त्याआधीही बुडतच होती. १८४०च्या जूनमध्ये, ऐन पावसाळ्याच्या तोंडावर, ‘लॉर्ड विल्यम बेंटिंक’ आणि ‘लॉर्ड कॅसलरे’ ही दोन जहाजे मुंबई बंदराच्या तोंडाशी पाठोपाठ फुटली. किनारा दिसत असताना माणसे गेली. पुढे १८६७ साली खांदेरीवर आणि १८७५ साली कुलाब्याच्या दांडीपलीकडे प्राँग्ज खडकावर दीपगृहे उभी राहिली. किनाऱ्यावरच्या दिव्यांमागे अशा फुटलेल्या जहाजांचा इतिहास असतो. पण आगबोटीने आणखी काही आणले. वेळापत्रक आले, तिकीट आले, विमा आला, अपघातानंतरची चौकशी आली. बुडण्याचे कारण आता दैवात किंवा कोणाच्या पापात शोधायचे नव्हते. बोटीत किती माणसे भरली, सांगाड्याची रुंदी किती, होड्या किती, हे मोजून ते सांगता येऊ लागले. इंग्लंडमध्ये सॅम्युअल प्लिमसोलने १८७३ साली पुस्तक लिहून आरडाओरडा केला की मालक विम्याच्या भरवशावर जहाजे क्षमतेबाहेर लादतात. १८७६च्या कायद्याने जहाजाच्या अंगावर भाररेषा काढणे सक्तीचे झाले. पण ती रेषा कुठे काढायची हे मालकाच्याच हाती राहिले. ती जागा कायद्याने ठरायला १८९० साल उजाडावे लागले.

मोजमाप आले म्हणून सगळे सारखे मोजले गेले असे नाही. १८६९च्या सप्टेंबरात पी. अँड ओ. कंपनीची ‘कार्नाटिक’ ही आगबोट सुएझहून मुंबईकडे येताना तांबड्या समुद्रात अबू नुहासच्या खडकावर चढली. मदतीला दुसरी बोट येईल या आशेवर कप्तानाने उतारूंना बोटीवरच थांबवून ठेवले. दुसऱ्या दिवशी बोटीचे दोन तुकडे झाले आणि ३१ माणसे गेली. बोटीवर ४०,००० पौंडांचे सोन्याचे नाणे होते. विमेवाल्यांनी पाणबुड्या पाठवून त्याचा शोध घेतला आणि बहुतेक नाणे काही महिन्यांत वर काढले. एकोणिसाव्या शतकात बुडालेले वर येत होते, ते असे.

आता आपल्याच किनाऱ्यावरची गोष्ट. ८ नोव्हेंबर १८८८ रोजी ‘वैतरणा’ ही आगबोट कच्छमधल्या मांडवीहून मुंबईला निघाली. मुंबईच्या शेफर्ड कंपनीची ही बोट १८८५ साली बांधलेली, म्हणजे जेमतेम तीन वर्षांची होती. तिच्यात विजेचे दिवे होते म्हणून लोक तिला ‘वीजळी’ म्हणत. द्वारकेला आणखी उतारू चढले. पोरबंदरला हवा इतकी बिघडली होती की बोट धक्क्यापर्यंत आलीच नाही. तिकडचे लोक किनाऱ्यावर चरफडत राहिले आणि म्हणूनच वाचले. संध्याकाळी मांगरोळच्या समुद्रात ती दिसली, त्यानंतर कोणालाच दिसली नाही. ७०३ उतारू आणि ४३ खलाशी, मिळून ७४६ माणसे. बोटीचा सांगाडाही मिळाला नाही. जीव वाचवणारी साधने बोटीवर पुरेशी नव्हती, ही गोष्ट चौकशीत पुढे आली. उतारूंमध्ये लग्नाची वऱ्हाडे होती आणि मुंबई विद्यापीठाच्या मॅट्रिकच्या परीक्षेला निघालेली पोरेही होती.

या अपघातावर गुजरातीत गीत झाले. ‘हाजी कासम, तारी वीजळी’ हे त्याचे पालुपद आजही सौराष्ट्रात म्हाताऱ्याकोताऱ्यांच्या तोंडी आहे. ‘वीजळी विलाप’ नावाची कवने छापली गेली. झवेरचंद मेघाणींनी लोकगीत संग्रहात घेतले. १९५४ साली गुणवंतराय आचार्यांनी याच पालुपदाच्या नावाने कादंबरी लिहिली.

टीकाकाराने या गीताकडे नीट पाहिले पाहिजे. पालुपद संबोधनाचे आहे. ते देवाला किंवा समुद्राला हाक मारत नाही, एका माणसाला मारते. हा हाजी कासम नेमका कोण याबद्दल मतभेद आहेत. कोणी त्याला कप्तान म्हणतात, कोणी तिकिटे विकणारा अडत्या. मालक तो नव्हता. मालक होती मुंबईतली गोरी कंपनी. म्हणजे गीताने कदाचित चुकीच्या माणसाला हाक मारली. तरी हाकेतला प्रश्न अचूक आहे: ही बोट कोणाची? कलावतीच्या कथेत दोष उतारूच्या बायकोचा. वीजळीच्या गीतात नवरदेवांच्या मागे राहिलेल्या बायकांना कोणी दोष देत नाही. बोट ज्याच्या नावावर, त्याला जाब विचारला जातो. गीतात आकाशवाणी नाही, प्रसाद नाही, कोणी वर येत नाही. लोकपरंपरेत राहूनही हे गीत आगबोटीच्या युगाचे झाले ते यामुळे.

गीताची मोजणी कागदाशी जुळत नाही, हेही खरे. लोकपरंपरेत बुडालेल्यांचा आकडा तेराशेपर्यंत जातो. तेवढ्यावरून गीत खोटे आणि कागद खरा, असा निवाडा देण्याची घाई करू नये. हवामानाच्या कित्येक याद्यांमध्ये ६ जून १८८२ रोजी मुंबईवर आलेल्या एका महाचक्रीवादळाची नोंद असते आणि त्यात एक लाख माणसे मेल्याचे छापलेले असते. १८८१च्या खानेसुमारीत मुंबईची वस्ती पावणेआठ लाखांच्या आसपास होती. म्हणजे शहरातल्या दर आठ माणसांत जवळजवळ एक मेले असते. इतका मोठा मृत्यू झाला असता तर वर्तमानपत्रे, सरकारी अहवाल, गॅझेटियर सगळे त्यानेच भरले असते. समकालीन नोंदींत त्याचा मागमूस नाही. अभ्यासकांनी हे वादळ काल्पनिक ठरवले आहे. तरीही एका यादीतून दुसरीत उतरत ते वर्षानुवर्षे जगले. ज्या लाखभर माणसांना नाव नाही, गाव नाही, मागे रडणारे नाही, ती माणसे कागदावर मारायला काहीच लागत नाही. वीजळीच्या गीताने आकडा फुगवला असेल, पण त्याच्या मागे खरी घरे होती.

ही आगबोट मुंबईलाच येत होती. तिच्या कंपनीची कचेरी, उतारूंच्या पोरांची परीक्षा, चौकशी करणारे सरकार, सगळे मुंबईत. त्या काळात त्याच शहरात आणि पुण्यात आधुनिक मराठी साहित्य घडत होते. त्यात नौकाबुडी नव्हती असे नाही. शेक्सपिअरच्या ‘टेंपेस्ट’चे मराठी रूपांतर नीळकंठ जनार्दन कीर्तने यांनी १८७५ साली केले. ‘कॉमेडी ऑफ एरर्स’ १८७८ साली ‘भ्रांतिकृत चमत्कार’ या नावाने मराठीत आले. दोन्ही नाटकांचा आरंभ जहाज फुटण्याशी जोडलेला, आणि दोन्हींत अखेर ताटातूट झालेली माणसे एकमेकांना सापडतात. ‘टेंपेस्ट’मध्ये तर वादळच जादूचे, कोणाचे वस्त्रसुद्धा भिजत नाही. आपण विलायती साहित्यातून नौकाबुडी आणली तीही सत्यनारायणाच्या जातीची. रूपांतरकार कीर्तने म्हणजे ग्रँट डफच्या मराठ्यांच्या इतिहासावर साधार टीका करणारे तेच कीर्तने. पुराव्याची अशी चाड असलेला माणूस समुद्राकडे वळला तो प्रॉस्परोच्या जादूच्या वाटेने. यात त्यांचा दोष नाही. वाचकाला आणि प्रेक्षकाला जी नौकाबुडी ओळखीची होती, तीच त्यांनी दिली. मूळ नाटकाच्या पहिल्याच प्रवेशात जहाजावरचा तांडेल राजाच्या मंडळींना दटावतो की या लाटांना राजाच्या नावाची काय पत्रास, तुम्ही खाली जा आणि आम्हाला काम करू द्या. समुद्रावर राबणाऱ्या माणसाचा तो आवाज नाटकात थोडाच वेळ ऐकू येतो. मराठीत तर तो पुढे फार काळ ऐकूच आला नाही.

याच वर्षांत नाशिकमध्ये काय होते? गावाबाहेर शरणपूरला चर्च मिशनरी सोसायटीची वसाहत होती. १८६०च्या सुमारास तिथे ‘आफ्रिकन असायलम’ सुरू झाले. पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून गुलाम भरून निघालेले पडाव ब्रिटिश आरमार अरबी समुद्रात अडवत असे. माणसे उतरवून घेतली की पडाव बहुधा जाळून टाकत. सुटलेली पोरे एडनला, मुंबईला आणि तिथून काही शरणपूरला येत. त्यांना नवी नावे मिळत, अक्षरओळख मिळे, सुतारकी-लोहारकी शिकवली जाई. आईबाप, गाव आणि पहिले नाव समुद्रापलीकडे हरवलेली ही पोरे गोदावरीच्या काठी वाढली. त्यांचा पडाव बुडाला नव्हता. पण त्यांचे सारे जग त्या पडावाबरोबर जळाले होते. सत्यनारायणाची कथा जिथे घरोघर होत होती, त्या गावात परत वर न येणारी नाव म्हणजे काय, हे जाणणारी माणसे राहत होती.

त्यांतला एक जेकब वेनराइट. तो लिव्हिंग्स्टनच्या मदतीला आफ्रिकेत गेला. १८७३च्या मे महिन्यात लिव्हिंग्स्टन वारला, तेव्हा नोकरमंडळींनी त्याचे प्रेत वाळवून, गुंडाळून शेकडो मैल चालत किनाऱ्यापर्यंत आणले. ती वाटचाल वेनराइटने दैनंदिनीत लिहिली आणि १८७४ साली ती जर्मन भाषांतरात छापली गेली. प्रेताबरोबर आगबोटीने तो इंग्लंडला पोचला आणि १८ एप्रिल १८७४ रोजी वेस्टमिन्स्टर ॲबेत पेटीला खांदा देणाऱ्यांत उभा राहिला. लिव्हिंग्स्टनचे काळीज जिथे पुरले तिथल्या झाडावर लेख कोरण्याचे काम सोबत्यांनी त्याच्याकडे दिले होते, कारण त्याला लिहिता येत होते. त्याने साहेबाचे नाव कोरले, तारीख कोरली आणि खाली तीन आफ्रिकी सोबत्यांची नावे कोरली.

ही खालची तीन नावे मला महत्त्वाची वाटतात. स्वतःचे मूळ नाव एका पडावावर गमावलेल्या, नाशिकच्या शाळेत अक्षर गिरवलेल्या माणसाने हाती सुरी आल्यावर जे केले, ते पोथीला सुचले नव्हते आणि कंपनीच्या वहीलाही. वाण्याच्या नावाखाली त्याने वल्हेकऱ्यांचीही नावे लिहिली. पुढे १८७५ साली मोंबासाजवळ फ्रेअरटाउन वसले आणि शरणपूरची ही माणसे तिकडे गेली. मराठी साहित्यात त्यांची खूण उरली नाही.

आता कुसुमाग्रजांकडे. ‘कोलंबसाचे गर्वगीत’ १९४२च्या ‘विशाखा’त आहे. शाळाशाळांतून पाठ म्हटलेली ही कविता मराठी माणसाच्या मनातले सर्वांत प्रसिद्ध जहाज असावे. वादळ घोंघावते आहे, खलाशी डगमगले आहेत आणि कप्तान समुद्रालाच आव्हान देतो आहे. पारतंत्र्यातल्या देशाला ही कविता काय देत होती, हे सांगायला नको. तिच्या नादाची आणि तेजाची बरोबरी करणारी कविता मराठीत थोडी सापडेल. रूपकाला उतारूंची यादी मागणे रसिकाला शोभत नाही, हेही मान्य.

पण टीकेने एक पाऊल पुढे जायला हवे. कवितेत बोलतो तो कप्तान. खलाश्यांना उद्देशून बोलणे आहे, खलाश्यांचे बोलणे नाही. खऱ्या कोलंबसाचे जहाज फुटले होते. १४९२च्या नाताळच्या रात्री ‘सांता मारिया’ हैतीच्या किनाऱ्यावर वाळूत रुतले. समुद्र त्या वेळी शांत होता, कप्तान झोपला होता आणि सुकाणू जहाजावरच्या एका पोराच्या हाती होते. फुटलेल्या जहाजाच्या लाकडांनी गढी बांधून ३९ माणसे तिथे ठेवली गेली. पुढच्या वर्षी कोलंबस परतला तेव्हा त्यांतले एकही जिवंत नव्हते. गर्वगीत कोलंबसाचे आहे. त्या ३९ जणांचे गीत निराळे झाले असते. कुसुमाग्रजांनी ते लिहायला हवे होते, असे मी म्हणत नाही. पण आपण पिढ्यान्पिढ्या एकच गीत पाठ केले, त्यामुळे वादळ म्हटले की आपल्या कानात कप्तानाचाच आवाज घुमतो. पोथीतल्या श्रद्धेची जागा ध्येयाने घेतली, एवढाच फरक. नाव शेवटी तरतेच.

याची किंमत किनाऱ्याने मोजली. कोकणकिनाऱ्यावर धावणाऱ्या आगबोटींना संतांची नावे होती. ११ नोव्हेंबर १९२७च्या वादळात ‘जयंती’ आणि ‘तुकाराम’ या दोन बोटी एकाच दिवशी बुडाल्या. इंद्रायणीतून वह्या वर आल्या. ‘तुकाराम’ बोट वर आली नाही. १७ जुलै १९४७ रोजी, ऐन आखाडात, मुंबईहून रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट खडकांजवळ उलटली आणि सहाशेहून अधिक माणसे गेली. जाणारी बहुतेक गावाकडची, सणाला घरी निघालेली. स्वातंत्र्य महिन्यावर आले होते. रायगडच्या किनाऱ्यावर ती आठवण अजून ताजी आहे. पण वीजळीच्या गीतासारखे, किनाऱ्यावरून उठून आतल्या मुलखात घरोघर पोचलेले गीत ‘रामदास’वर झाले नाही. कोळीवाड्यातल्या बाईने नारळी पुनवेला दर्याला घातलेले साकडे आपण नाचाचे गाणे करून टाकले.

अपवाद आहेत. विश्राम बेडेकरांच्या ‘रणांगण’मध्ये बोट बुडत नाही, पण तिच्यावरची माणसे मायभूमीतून उखडलेली आहेत आणि त्यांना वाचवायला कुठलीही आकाशवाणी येत नाही. अनंत सामंतांच्या ‘एम. टी. आयवा मारू’त जहाज हे लोखंड, तेल, घाम आणि भीती यांचे बनलेले आहे. तिथे ‘टेंपेस्ट’मधला तो तांडेल मराठीत पहिल्यांदा मोकळेपणी बोलतो असे मला वाटते. ही दोन्ही पुस्तके आपण प्रेमकथा किंवा साहसकथा म्हणून वाचली. समुद्राचा मराठीतला इतिहास म्हणून ती शेजारी शेजारी ठेवून वाचली पाहिजेत.

हे काम टीकेचे आहे. सत्यनारायणाची कथा खोडून काढायची नाही आणि गर्वगीत उतरवून ठेवायचे नाही. या दोन्हींच्या शेजारी वीजळीचे गीत, वेनराइटची दैनंदिनी आणि रामदास बोटीच्या आठवणी ठेवायच्या, आणि प्रत्येक नावेबद्दल तोच प्रश्न विचारायचा: ही बोट कोणाची, वल्ह्यावर कोण होते, त्यांची नावे कोणी लिहिली? गुजरातीने हा प्रश्न १८८८ साली गाऊन विचारला. शरणपूरच्या पोराने तो त्याच्याही आधी झाडाच्या खोडावर सोडवला होता. त्याची भाषा मराठी झाली नाही, पण त्याची अक्षरे नाशिकची होती. मराठी नौकाबुडीचा इतिहास लिहिणाऱ्याने आरंभ तिथून करायला हरकत नाही.